चौकातील माणसे आणि आपली नजर

पॅरिस शहरात ‘प्लास द ला रेपुब्लिक’, म्हणजे प्रजासत्ताक चौक, या नावाचा एक विस्तीर्ण चौक आहे. शहराचे तीन प्रशासकीय विभाग तेथे एकमेकांना भिडतात, रुंद रस्ते चहूबाजूंनी येऊन मिळतात आणि जमिनीखाली मेट्रो रेल्वेच्या पाच मार्गिका एकत्र येतात. मध्यभागी ‘मारियान’चा, म्हणजे फ्रेंच प्रजासत्ताकाच्या स्त्रीरूपाचा, साडेनऊ मीटर उंचीचा ब्राँझचा पुतळा आहे. त्याचे अनावरण १८८३ साली झाले. पुतळ्याच्या पायथ्याशी दगडात घडविलेल्या तीन स्त्रिया आहेत: स्वातंत्र्य, समता आणि बंधुता. आपल्या राज्यघटनेच्या उद्देशिकेतही ही तिन्ही नावे आहेत. पैकी पहिल्या दोघींसाठी जगभर मोर्चे निघतात. तिसरीसाठी मोर्चा निघाल्याचे फारसे ऐकिवात नाही.

१९७२ सालच्या ऑक्टोबर महिन्यात लुई माल या फ्रेंच दिग्दर्शकाने आपल्या दोन-तीन सहकाऱ्यांसह दहा दिवस या चौकातील फूटपाथवर ठाण मांडले. जाणाऱ्या-येणाऱ्यांना थांबवायचे, बोलते करायचे आणि ते जे सांगतील ते टिपायचे, एवढाच त्याचा बेत होता. त्यातून तयार झालेला दीड तासाचा अनुबोधपट १९७४ साली प्रदर्शित झाला. चौकाचे नाव हेच त्याचे नाव. त्यात कथानक नाही, नट नाहीत, उत्कर्षबिंदू नाही. कोणी थांबतो, कोणी हात झटकून पुढे जातो. वय झालेली माणसे बोलत राहतात, कारण ऐकणारा मिळाला आहे. रस्त्यावर काहीबाही विकणारी माणसे गिऱ्हाईक सांभाळत उत्तरे देतात. परदेशातून पोटासाठी आलेला कोणी तुटक फ्रेंचमध्ये आपले जिणे सांगतो. कोणाच्याही आयुष्यात त्या दिवशी विशेष काही घडलेले नाही.

हा अनुबोधपट आम्ही पाहू लागलो, तेव्हा पहिली काही मिनिटे आमचे मन रमेना. चित्रपटात काहीतरी घडावे लागते, या सवयीचा हा परिणाम असावा. मग हळूहळू ध्यानात आले, की चर्चच्या आवारात दर रविवारी मिस्सा संपल्यावर जे दृश्य आपण पाहतो आणि ज्याच्याकडे आपले लक्षही जात नाही, तेच हे दृश्य आहे. तीच चेहऱ्यांवरची घाई, तेच कोपऱ्यात एकटे उभे असलेले आजोबा, तीच कोणीतरी विचारील या आशेने रेंगाळणारी बाई. फरक एवढाच, की येथे कोणीतरी थांबून विचारले होते.

यातून जो प्रश्न उभा राहतो, तो आम्हांला या लेखात वाचकांपुढे ठेवायचा आहे. परक्या माणसाकडे पाहण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला? आणि एकदा पाहिल्यावर आपण त्याचे काही देणे लागतो काय?

लुई मालला या प्रश्नाची पहिली ठेच आपल्याच देशात लागली. १९६८ साली तो कॅमेरामन आणि ध्वनिमुद्रक अशा दोन सोबत्यांसह भारतात आला आणि काही महिने फिरला. या भ्रमंतीवर त्याने फ्रेंच दूरचित्रवाणीसाठी सात भागांची मालिका तयार केली. तिचा शेवटचा भाग मुंबईवर आहे. बी.बी.सी.ने ही मालिका १९७० साली दाखविली, तेव्हा भारत सरकारला ती इतकी झोंबली, की बी.बी.सी.चे दिल्लीतील कार्यालय काही काळ बंद झाले. परक्याने येऊन आमचे दारिद्र्य जगाला दाखवावे, याचा तो संताप होता. त्या संतापात देशाभिमान किती आणि लाज किती, हा प्रश्न तूर्त बाजूस ठेवू. आम्हांला महत्त्वाचे वाटते ते मालिकेच्या पहिल्या भागाचे शीर्षक. त्याने ते ‘अशक्य कॅमेरा’ असे दिले आहे. खेडोपाडी कॅमेरा लावला, की माणसे काम सोडून त्याच्याकडेच टक लावून पाहत. मंडळींनी आधी त्यांना विनवून पाहिले, की बाबांनो, कॅमेऱ्याकडे पाहू नका. मग त्यांच्या लक्षात आले, की या विनवणीला काही अर्थ नाही. आगंतुक आपण आहोत. त्यांच्या दारात येऊन आपण त्यांच्याकडे पाहणार आणि त्यांनी मात्र आपल्याकडे पाहू नये, हा कोठला न्याय?

चार वर्षांनी पॅरिसच्या चौकात तो उभा राहिला, तेव्हा हा धडा तो विसरलेला नव्हता. माणसे ‘नैसर्गिक’ वागावीत म्हणून कॅमेरा दडवून ठेवण्याचा मोह अशा कामात प्रत्येकालाच होतो. पण या अनुबोधपटाचा जीव आहे तो उघड्या कॅमेऱ्यात. दिग्दर्शक स्वतः चौकटीत येतो, त्याचे सहकारी दिसतात, हातातला मायक्रोफोन दिसतो. लोक त्यालाच उलट प्रश्न करतात: हे कशासाठी चालले आहे, कोण दाखविणार, आमच्यात पाहण्यासारखे काय आहे? पुढे एका तरुणीच्या हाती मायक्रोफोन जातो आणि तीच वाटसरूंना प्रश्न विचारू लागते. पाहणारा आणि पाहिला जाणारा यांच्यामधली भिंत अशी थोडी खाली येते.

याच पॅरिस शहरात, जर्मन फौजांचा अंमल असताना, १९४३ साली ज्याँ-पॉल सार्त्रचा ‘अस्तित्व आणि शून्यता’ हा जाडजूड ग्रंथ प्रसिद्ध झाला होता. सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकलेल्या कोणालाही त्यातले किल्लीच्या भोकाचे उदाहरण आठवत असेल. एक माणूस दाराच्या किल्लीच्या भोकाला डोळा लावून आत डोकावतो आहे. तो त्या पाहण्यात इतका गढून गेला आहे, की त्याला स्वतःचे भान नाही. इतक्यात मागे पावले वाजतात. कोणीतरी आपल्याला पाहत आहे, ही जाणीव होताच तो शरमेने गोठतो. आतापर्यंत तो पाहणारा होता, आता तो पाहण्याची वस्तू झाला. सार्त्रच्या मते दुसऱ्याची नजर नेहमी हेच करते: ती मला वस्तू करून टाकते, आणि मी उलट पाहून त्याला वस्तू करू पाहतो. दोन माणसांतला संबंध म्हणजे दोन नजरांची झटापट.

सार्त्र नास्तिक होता म्हणून त्याचे म्हणणे झटकून टाकणे सोपे आहे. पण ते प्रामाणिकपणाचे होणार नाही. नजरेचे हे रूप आपल्या घराघरांत आहे. लग्नाच्या बाजारात मुलगी ‘पाहायला’ येणारी मंडळी तिला काय करून टाकतात? खालच्या आळीत राहायला आलेल्या परप्रांतीय कुटुंबाकडे आपण पडद्याआडून पाहतो, ते कशासाठी? एखाद्याच्या घरी पोलीस आले, की वाडीतल्या किती खिडक्या किलकिल्या होतात! सार्त्रचा तो माणूस फ्रान्समध्येच राहतो, असे समजण्याचे कारण नाही.

आणि थोडे धीटपणे बोलायचे, तर परमेश्वराच्या बाबतीतही आपण मुलांच्या मनात असाच एक किल्लीच्या भोकाचा देव उभा करीत आलो आहोत. ‘खोटे बोलू नकोस, देव बघतो आहे.’ जुन्या प्रार्थनापुस्तकांत त्रिकोणात कोरलेला एक उघडा डोळा असे. तो कधी मिटत नसे. आजच्या मुलांना तो समजावून सांगण्याची गरज नाही. इमारतीच्या जिन्यात, दुकानात, चर्चच्या फाटकावर सी.सी.टी.व्ही. कॅमेरा बसलेला त्यांनी पाहिला आहे. जो सगळे पाहतो आणि स्वतः कोणाला दिसत नाही, असा देव. त्याला भिता येते. पण त्याच्यावर प्रेम करणे कठीण आहे, कारण त्याच्या डोळ्यांत डोळे घालून पाहता येत नाही.

ख्रिस्ती श्रद्धेचा गाभा याच्या नेमका उलट आहे. देहधारणेचे रहस्य आपण नाताळच्या गोठ्यापुरते ठेवतो. वास्तविक ते नजरेच्या या प्रश्नालाही उत्तर देते. वरून पाहणारा देव खाली चौकटीत आला. त्याच्याकडे लोकांना पाहता आले, बोट दाखविता आले, ‘हा सुताराचाच मुलगा ना?’ असे म्हणून नाक मुरडता आले. यरीहोच्या रस्त्यावर जक्कय उंबराच्या झाडावर चढून बसला, तो पानांआडून येशूला पाहण्यासाठी. स्वतः न दिसता पाहावे, हाच त्याचा बेत असावा. येशूने झाडाखाली थांबून मान वर केली, त्याला नावाने हाक मारली आणि ‘आज तुझ्या घरी उतरणार’ असे सांगितले. जमावासमोर जक्कय उघडा पडला. सार्त्रच्या हिशेबाने तो शरमेने गोठायला हवा होता. लूक सांगतो, की तो आनंदाने झपाट्याने खाली उतरला. नजरेत नजर मिळूनही कोणी वस्तू झाला नाही. श्रीमंत तरुणाच्या प्रसंगात मार्क एक बारीक तपशील नोंदवितो, जो मत्तय आणि लूक यांच्याकडे नाही: येशूने त्याच्याकडे पाहिले आणि त्याच्यावर प्रीती केली. तो तरुण खिन्न होऊन निघून गेला तरीही ते पाहणे वाया गेले, असे आम्हांला वाटत नाही.

मात्र नजर वाचविते तशी ती मारूही शकते. लुई मालच्या आयुष्यात या गोष्टीला एक भयंकर संदर्भ आहे. १९३२ साली जन्मलेला हा मुलगा साखर कारखानदारांच्या श्रीमंत कॅथलिक घराण्यातला. युद्धकाळात त्याला फोंतेनब्लोजवळच्या आव्हों येथील कार्मेल संघाच्या निवासी शाळेत ठेवले होते. शाळेचे मुख्याध्यापक फादर जाक यांनी तीन यहुदी मुलांना खोट्या नावांनी वर्गात दाखल करून घेतले होते. १५ जानेवारी १९४४ रोजी गेस्टापोची माणसे शाळेत आली. त्यांनी तिन्ही मुलांना आणि फादरांना पकडून नेले. मुले आउश्विट्झच्या छळछावणीत मारली गेली. फादर जाक माउथहाउसेनच्या छावणीतून जिवंत सुटले, पण इतके खंगलेले, की २ जून १९४५ रोजी लिंझ येथे त्यांचे निधन झाले. लुई तेव्हा अकरा वर्षांचा होता. हे सारे त्याने डोळ्यांनी पाहिले आणि चाळीसहून अधिक वर्षांनी, १९८७ साली, त्यावर कथापट काढला. त्याचे फ्रेंच नाव निरोपाचे आहे. जाताना फादर मुलांना जे म्हणाले, तेच ते शब्द. मराठीत ते फार सहज सांगता येतात, कारण निघताना आपणही ‘जातो’ म्हणत नाही: ‘मुलांनो, येतो.’

त्या कथापटात एक क्षण आहे. गेस्टापोचा अधिकारी वर्गात उभा राहून विचारतो, तुमच्यातला यहुदी कोण? कोणी बोलत नाही. अधिकाऱ्याची पाठ वळते तेवढ्यात कथानायक मुलगा आपल्या यहुदी मित्राकडे क्षणभर पाहतो. केवळ काळजीने, प्रेमाने पाहतो. अधिकारी वळतो, ती नजर पकडतो आणि सरळ त्या मित्राच्या बाकाकडे जातो. प्रत्यक्षात तसे घडले नव्हते. ती दिग्दर्शकाने घातलेली भर आहे. पण आयुष्यभर कॅमेऱ्यातून माणसांकडे पाहिलेल्या कलावंताने, अपराधाची सगळी वेदना एका नजरेत साठवावी, हे आम्हांला सहज झालेले वाटत नाही. पाहणे ही निरुपद्रवी गोष्ट आहे, असे त्याने कधीच मानले नसावे.

मग माणसाने काय डोळे मिटून चालावे? पुष्कळ सज्जन माणसे तोच मार्ग पत्करतात. दुसऱ्याच्या भानगडीत पडू नये, आपण भले आणि आपले घर भले. ही सभ्यता आहे खरी. तिने शेजाऱ्याला त्रास होत नाही. पण तिने शेजारीही उरत नाही. चांगल्या शोमरोन्याच्या दाखल्यात एक शब्द तीन वेळा येतो, तो आपण वाचताना निसटून जातो. याजकाने जखमी माणसाला पाहिले. लेव्यानेही पाहिले. शोमरोन्याने पाहिले. तिघांचे डोळे शाबूत होते. पहिले दोघे पाहून रस्त्याच्या पलीकडच्या बाजूने गेले. (पहिला याजक होता, हे आम्हां धर्मगुरूंच्या कानांना नेहमीच थोडे बोचते, बहुधा बोचावे म्हणूनच येशूने त्याला तेथे आणले असावे.) पोप फ्रान्सिस यांनी २०२० सालच्या बंधुभावावरील परिपत्रकात एक संपूर्ण प्रकरण या एका दाखल्याला दिले, ते उगीच नव्हे.

आपल्या देशात तर कायद्यालाही या शोमरोन्याची मदत घ्यावी लागली. अपघातात सापडलेल्याला उचलून रुग्णालयात न्यायचे, तर पोलिसांचा जबाब, कोर्टाच्या खेपा, रुग्णालयाचे पैसे मागणे, या भीतीने माणसे पुढे होत नसत. सर्वोच्च न्यायालयाने २०१६ साली मदत करणाऱ्याच्या रक्षणाच्या मार्गदर्शक सूचनांना बळ दिले आणि २०१९ साली मोटार वाहन कायद्यात १३४-अ हे कलम घातले गेले. त्या कलमात अशा माणसाला ‘गुड समॅरिटन’ असेच म्हटले आहे. नव्या करारातला एक तिरस्कृत परका अशा रीतीने भारतीय कायद्याच्या पुस्तकात येऊन बसला. त्याने पुढे व्हावे म्हणून असलेली अडचण कायद्याने दूर केली. पण दुसरी एक अडचण मध्यंतरी आपल्या खिशात आली आहे. महामार्गावर अपघात झाला, की आज भोवती कडे होते ते हात वर केलेल्या माणसांचे. प्रत्येक हातात फोन. जखमी माणूस रुग्णालयात पोहोचण्याआधी त्याचे चित्र त्याच्या नातेवाइकांच्या फोनवर पोहोचलेले असते. मराठीत अशा माणसाला एक अचूक शब्द आहे: बघ्या. बघ्याला नाव नसते. तो नेहमी गर्दीत असतो आणि गर्दी पांगली, की तो कोणाचाच नसतो. न्यायालयात उभे राहण्याची वेळ आली, तर त्याला साक्षीदार व्हावे लागते, आणि नेमके तेच त्याला नको असते. साक्षीदाराला नाव सांगावे लागते.

लुई माल आपल्या चौकात बघ्या राहिला, की साक्षीदार झाला? आमचे मत दुसऱ्या बाजूला झुकते, कारण त्याने स्वतःला लपविले नाही. तरीही एक आक्षेप उरतोच, आणि तो टाळून पुढे जाणे योग्य नव्हे. अकराव्या दिवशी तो निघून गेला. ज्या म्हाताऱ्या माणसांनी त्याच्यापुढे मन मोकळे केले, ती आपापल्या खोलीत परत गेली. त्यांचे भाडे त्याने भरले नाही, त्यांचे दुखणे बरे केले नाही. त्यांच्या शब्दांतून त्याची कलाकृती मात्र उभी राहिली. संत याकोबाने आपल्या पत्रात उघड्या आणि उपाशी बंधूला नुसते शुभेच्छा देऊन वाटेला लावणाऱ्याची जी हजेरी घेतली आहे, ती येथे लागू पडत नाही काय? विचारपूस केल्याने कोणाचे पोट भरते?

पोट भरत नाही, हे खरे. पण ज्यांचे पोट भरलेले आहे, त्यांनाही विचारपुशीची भूक असते, हे आपल्या धर्मग्रामांत फिरणाऱ्याला सांगावे लागत नाही. मुले कॅनडात, आखातात, ऑस्ट्रेलियात. घर मोठे, पैसा वेळेवर येतो, औषधांचा साठा कपाटात आहे. आजारी व्यक्तीला पवित्र ख्रिस्तप्रसाद द्यायला धर्मगुरू घरी जातात, तेव्हा प्रार्थना पाच मिनिटांत आटोपते आणि पुढचा अर्धा तास बोलणे चालते. त्या अर्ध्या तासात धर्मगुरू बहुतेक वेळा काहीच ‘करीत’ नाहीत. फ्रेंच तत्त्वज्ञ सिमोन वेल १९४३ साली वयाच्या अवघ्या चौतिसाव्या वर्षी वारली. स्वतः कारखान्यात मजुरी करून तिने मजुरांचे जिणे अनुभवले होते. तिच्या मते शेजाऱ्यावरील प्रेमाचे सारे सार त्याला एक प्रश्न विचारता येण्यात आहे: तुला काय सोसावे लागते आहे? आणि असा प्रश्न विचारायचा, तर त्याच्याकडे एका विशिष्ट रीतीने पाहता आले पाहिजे, स्वतःला रिकामे करून. प्रार्थनेतले अवधान आणि दुःखी माणसाकडे दिलेले अवधान या तिच्या लेखी एकाच जातीच्या गोष्टी होत्या. दहा दिवसांच्या त्या फूटपाथवर असे अवधान निदान काही क्षण तरी दिसते. दिग्दर्शक सल्ला देत नाही, घाई करीत नाही, समोरच्याला खोडून काढत नाही. आम्ही प्रवचने देणाऱ्यांनी त्याच्याकडून शिकावे, असे ते आहे.

म्हणून याकोबाचा आक्षेप खोटा ठरत नाही. त्याचे वजन मात्र आपल्याला उचलता येते. ऐकणे हे उपकाराला पर्याय नव्हे. पण न ऐकता केलेला उपकार बहुधा चुकीच्या माणसाला चुकीची वस्तू देऊन मोकळा होतो. आपल्या भाषेने या दोन गोष्टी कधी फार वेगळ्या मानल्याच नाहीत. ‘बघून घेईन’ ही मराठीत धमकी आहे. ‘नुसता बघत राहिला’ ही निंदा आहे. परंतु ‘म्हाताऱ्या आईकडे कोण पाहते?’ असा प्रश्न येतो, तेव्हा तो डोळ्यांचा राहत नाही. तिला जेवू कोण घालते, तिचे अंथरूण कोण बदलते, रात्री तिला खोकला आला तर कोण उठते, हे सगळे त्या एका क्रियापदात येते. ‘तिला पाहणे’ आणि ‘तिच्याकडे पाहणे’ यांत एका शब्दयोगी अव्ययाचे अंतर आहे, आणि कित्येकांचे आयुष्य ते अंतर तोडण्यात जाते. कित्येकांचे तेवढ्यानेही तुटत नाही.

चौकांनाही आपला इतिहास असतो. २०१३ साली पॅरिसच्या त्या चौकाची पुनर्रचना झाली. वाहनांचा बराच भाग काढून तो पादचाऱ्यांना दिला गेला. २०१५ साली त्या शहरात दहशतवाद्यांनी दोन वेळा रक्त सांडले, तेव्हा लोक आपसूक याच चौकात जमले. ११ जानेवारीचा प्रचंड मोर्चा तेथूनच निघाला, आणि नोव्हेंबरनंतर पुतळ्याचा पायथा मेणबत्त्या, फुले आणि हाताने लिहिलेल्या चिठ्ठ्यांनी झाकून गेला. एरवी एकमेकांना चुकवून जाणारी माणसे तेथे अनोळखी माणसाच्या शेजारी निमूट उभी होती. दगडातली बंधुता तेव्हा काही दिवस फुलांखाली होती.

आपल्याकडचा चौक म्हणजे नाका. वसई-विरारपासून मुंबईपर्यंत कितीतरी नाक्यांवर सकाळी सात वाजता माणसे उभी असतात: कोणाच्या हाती थापी, कोणाकडे रंगाचा ब्रश, कोणाकडे नुसती डब्याची पिशवी. ठेकेदाराचा टेंपो येतो, दहा जणांना घेऊन जातो. आठच्या मिस्साला जाताना आपण त्यांच्या बाजूने जातो. घाई असते. दहा-अकरा वाजता परतताना पाहावे, तर काही जण अजून तेथेच असतात, आता सावलीला बसलेले. त्यांतला कोण कोठून आला, आज काम मिळाले नाही तर रात्री काय करणार, हे विचारायला कोणताही कॅमेरा लागत नाही.

मत्तयाच्या शुभवर्तमानातील द्राक्षमळ्याचा धनी अशाच नाक्यावर दिवसातून पाच वेळा गेला. भल्या पहाटे, नऊला, बाराला, तीनला आणि शेवटी संध्याकाळी पाचला. या दाखल्यावर आपण नेहमी मजुरीच्या अंगाने बोलतो: तासभर राबलेल्यालाही पूर्ण दिनार कसा मिळाला, इतरांची कुरकूर न्याय्य होती की नाही, वगैरे. पण धन्याच्या खेपांकडे नीट पाहिले, तर आणखी एक गोष्ट दिसते. पहिल्या चार खेपांत तो माणसांना कामावर धाडतो, काही विचारीत नाही. प्रश्न त्याने फक्त पाचव्या खेपेस विचारला: तुम्ही सबंध दिवस येथे रिकामे का उभे आहात? आणि उत्तर आले, आम्हांला कोणी कामावर घेतलेच नाही.

म्हणजे ते सबंध दिवस तेथेच उभे होते. नऊ वाजता, बारा वाजता आणि तीन वाजता धनी त्यांच्या जवळून गेला, तेव्हा ते त्याला कसे दिसले नाहीत, याविषयी मत्तय काहीच लिहीत नाही.